सुशी काउंटरवरचा फिका मासा

उत्तर गोव्यातल्या एका हॉटेलात माल उतरवून घ्यायचं काम माझ्याकडे आहे. भाजी, चिकन, दूध सगळंच बघतो, पण माझा खरा जीव माशांत. बांगडा, इसवण, चणक, रावस हे तर घरचेच. कल्ला उचलला की लाल आहे की तपकिरी ते कळतं, आणि मग पुढे बोलायचं काही उरत नाही. सॅल्मनचं तसं नाही. तो विमानाने येतो, महाग असतो, आणि बहुतेकांनी त्याला फोटोतच पाहिलेलं असतं. म्हणूनच त्याच्या रंगाबद्दल प्रत्येकाचं मत ठाम.

डिसेंबरातल्या एका लग्नासाठी बागेत सुशी काउंटर लागणार होता. सकाळी पुरवठादाराची गाडी आली. थर्मोकोलच्या पेटीत बर्फावर नॉर्वेचे अख्खे मासे, आणि वेगळ्या खोक्यात व्हॅक्यूम पॅक केलेले फिले, म्हणजे आधीच कापून काटे काढलेल्या बाजू. ड्रायव्हर म्हणाला, "अख्खा माल कमी पडला, हेपण फ्रेशच आहे."

बुचरने एका माशाची बाजू काढली. मांस फिकट केशरी, जवळजवळ गुलाबीकडे झुकणारं. शेजारी ठेवलेला फिले गडद नारिंगी, एकदम जाहिरातीतला. वेंगुर्ल्याचा आमचा हेल्पर हळूच म्हणाला, "दादा, ह्यो फिको दिसता मरे. धाडूया परत?"

तेवढ्यात वेडिंग प्लॅनर टेस्टिंगच्या निमित्ताने वधूच्या वडिलांना घेऊन आत आली. तिने गडद फिलेकडे बोट दाखवलं, "मला सगळा हाच शेड हवा." काका फोंड्याचे. ते नेमकं उलट बोलले, "हा लाल बघून मला शंका येते. रंग लावलाय की काय? २०१८ मधलं विसरलो नाही आम्ही." त्या जुलैत मडगावच्या घाऊक बाजारातल्या माशांत फॉर्मेलिन, म्हणजे मृतदेह टिकवायचं रसायन, असल्याच्या संशयावरून केवढा गदारोळ झाला होता! तेव्हापासून इथला माणूस जरा वेगळं दिसलं की आधी संशय घेतो. मला त्यात काही गैर वाटत नाही.

मी काकांना ओला टिश्यू दिला आणि दोन्ही तुकड्यांवर घासायला सांगितलं. टिश्यूला केशरी काही लागलं नाही. सॅल्मनचा रंग म्हणजे अस्टाझँथिन. ते तेलात विरघळतं, पाण्यात नाही, आणि येतं माशाच्या पोटातून. समुद्रातला सॅल्मन कोळंबीसारखे बारीक कवचधारी जीव खातो, त्यांच्यातला हा रंग त्याच्या मांसात साठत जातो. पाळलेल्याला तो खाद्यातून देतात. नाही दिला तर मांस फिकं, करडट राहतं. काही किंग सॅल्मन तर जन्मतःच असे असतात की रंगाचं खाणं खाऊनही मांस पांढरंच. ते काही शिळे नसतात.

"म्हणजे शेड ठरवून मिळतो?" प्लॅनरने विचारलं. मिळतो. या धंद्यात सॅल्मोफॅन नावाची रंगपट्टी आहे, २० ते ३४ क्रमांकांची. भिंतीचा रंग निवडावा तसा मांसाचा रंग त्यावर जुळवून बघतात. गडद रंग गिऱ्हाइकाला आवडतो म्हणून खाद्यात तो तसा धरला जातो. मासा कधी मारला, वाटेत बर्फ टिकला का, याचं उत्तर त्या आकड्यात नसतं.

ती उत्तरं मला दुसरीकडे शोधायची होती. अख्ख्या माशाचे कल्ले लाल होते, डोळे फुगीर, अंगावरचा चिकटा पारदर्शक. पोटाच्या आतून वास घेतला, समुद्राच्या पाण्याचा. पेटीवरच्या लेबलातली मारल्याची तारीख आठवडाभरही जुनी नव्हती. आतडी काढून बर्फात नीट ठेवला तर अख्खा सॅल्मन दोन आठवडे सहज टिकतो. कापलेल्या बाजूवर अंगठा दाबला. खळगा पडला आणि लगेच भरला.

मग गडद फिले. पॅकच्या तळाशी गुलाबी पाणी साचलेलं. चरबीच्या पांढऱ्या रेषांवर मांसाच्या पाकळ्या सुटून फटी पडलेल्या. अंगठ्याचा खळगा तसाच राहिला. पोटाकडची पातळ कड पिवळट तपकिरी झालेली. पॅक फोडल्यावर जुन्या तेलाचा वास आला. मासळी बाजारातला वास वेगळा, हा वेगळा. सॅल्मनमध्ये चरबी भरपूर, ती आधी खवट होते, आणि रंग मात्र तसाच झगमगत राहतो. खोक्यावर तारखेच्या जागी दुसरा स्टिकर चिकटवलेला होता.

म्हणजे हा माल गोठवलेला होता आणि वितळवून ताजा म्हणून धाडला होता. गोठवलेल्या माशाबद्दल माझी काही तक्रार नाही. जंगली सॅल्मन कच्चा खायचा तर परजीवी मरण्यासाठी तो उणे २० अंशांत सात दिवस ठेवतातच. पण व्हॅक्यूम पॅकमध्ये वितळवणं हा खरा मूर्खपणा. आत हवा नसते, आणि बोटुलिझम या जीवघेण्या विषबाधेच्या जंतूचा एक प्रकार फ्रिजच्या थंडीतही वाढतो. म्हणून वितळवण्याआधी पॅक फोडायचा असतो. कच्च्या सुशीसाठी असला माल मी कुणाच्याही लग्नात देणार नाही.

प्लॅनरचं तोंड उतरलं. काकांनी मात्र दोन्ही तुकडे हुंगले आणि म्हणाले, "परत पाठव रे बाबा."

ड्रायव्हरने आधी आवाज चढवला, मग स्टिकरवर बोट ठेवल्यावर फोन लावून बाहेर गेला. खोकं त्याच गाडीतून परत गेलं, चलनावर कारण लिहून. मासा कमी पडणार होताच. शेफने सुशीचे नग घटवले आणि त्या जागी तव्यावरचा रावस ठेवला. काउंटरवरचा पांढरा ट्यूब काढून पिवळे दिवे लावले. त्या उजेडात आमचा फिका सॅल्मन इतका केशरी दिसला की प्लॅनरने त्याचे फोटो काढून नेले.

दुसऱ्या दिवशी खरेदीच्या फॉर्ममधला 'शेड' हा रकाना मी काढून टाकायला लावला. त्या जागी मारल्याची तारीख, पॅकिंगची तारीख आणि 'गोठवलेला आहे का' असे तीन रकाने आले. पुरवठादाराने ते भरायला कुरकुर केली, पण क्रेडिट नोट मुकाट्याने दिली.