कवटीची घाई

पुरलेले सांगाडे उकरून तपासणं हे माझं काम. सांगाडा दिसला की सगळ्यांना आधी कवटी हवी असते. फोटोवाल्याला, साहेबांना, बघ्यांना तर हवीच हवी. "मॅडम, ती कवटी तेवढी काढून द्या ना, बाकीचं करा सावकाश." मी देत नाही. त्यावरून वाजतं, वाजू दे.

खड्डा खणून बुजवला की माती पुन्हा पहिल्यासारखी बसत नाही. वरखालचे थर एकमेकांत मिसळतात. पापुद्र्यापापुद्र्याने खरवडत गेलं तर जुन्या खड्ड्याची कड रंगावरून वेगळी दिसते. चिकण माती असेल तर फावड्याच्या पात्याचे ओरखडेसुद्धा टिकलेले असतात. हाड प्रयोगशाळेत हवं तितक्या वेळा बघता येतं. ही कड एकदा उकरली की गेली.

शिवाय जबड्याखाली, गळ्यात, नालेच्या आकाराचं एक नाजूक हाड असतं, हायॉइड. ते दुसऱ्या कुठल्याच हाडाला जोडलेलं नसतं. ते मोडलेलं असेल तर गळा दाबल्याची शक्यता तपासावी लागते. (मोडलं नाही म्हणजे दाबला नाही, असं मात्र नाही.) कवटी ओढून काढली की बहुतेकदा हेच मातीत राहतं. तसंच हातापायांच्या पंजांचं. मोठ्या माणसाच्या 206 हाडांपैकी 106 हाडं पंजांतच असतात, म्हणून चाळणीशिवाय आमचं पान हलत नाही.

घाईने काय होतं ते अर्जेंटिनात दिसलं. 1983 मध्ये लष्करी राजवट संपली आणि बेपत्ता माणसांच्या शोधात निनावी कबरी उघडायला सुरुवात झाली, तीही यंत्रं लावून. हाडं मोडली, एकाची दुसऱ्यात मिसळली. 1984 मध्ये हाडांवरून माणूस ओळखणारे तज्ज्ञ क्लाइड स्नो अमेरिकेहून तिथे गेले आणि त्यांनी तरुण विद्यार्थ्यांना हाताशी धरून पुरातत्त्वाच्या शिस्तीने खणायला लावलं. त्याच पोरांचा गट पुढे कितीतरी देशांत हे काम करत राहिला.

मोडलेलं हाड हातात आलं की मी आधी त्याची कड बघते. ओल्या, ताज्या हाडाची, म्हणजे मृत्यूच्या आसपास झालेली मोड तिरकी, गुळगुळीत असते आणि तिच्यावर बाकीच्या हाडासारखाच मातीचा रंग चढलेला असतो. सुकलेलं हाड खडबडीत, आडवं तुटतं. आत्ताच कुणाचं फावडं लागलेलं असेल तर कड फिकट, जवळजवळ पांढरी. घाईची पावतीच.

अहवालातही तीच घाई. वय विचारतात, तेही नेमकं. वाढत्या वयात हाडांची टोकं सुटी असतात, ती एकेक करून हाडाला जुळतात. कॉलरबोनचं छातीकडचं टोक सगळ्यांत शेवटी जुळतं, साधारण तिशीच्या आत. तोवर अंदाज बऱ्यापैकी जवळचा येतो. पुढे सांधे झिजण्यावर भिस्त, आणि झीज प्रत्येकाची वेगळी. मी "35 ते 50" लिहिलं की समोरचा विचारतो, "मधला आकडा टाकू का?" नाही. टाकायचाच असेल तर खाली सही तुमची करा.