तळ्याच्या बदल्यात तळं

रस्ता रुंदीकरणात आमच्या गावतळ्याची वीस गुंठे कड भरावाखाली जाणार होती. बदल्यात शेततळं करून देऊ, असं ठेकेदाराचा माणूस ग्रामसभेत सांगून गेला. ताडपत्रीचं शेततळं. निम्म्या गावाला ते पटलंही. अंबड तालुक्यात पाण्याला नाही कोण म्हणणार? तेव्हा माझे चुलते उठले. म्हणाले, “बाबांनो, ताडपत्रीवर लव्हाळा उगवंल का?”

तो प्रश्न डोक्यातून जाईना. वाचत गेलो. अमेरिकेत 1972 च्या स्वच्छ पाणी कायद्याच्या 404 व्या कलमाखाली पाणथळीत भराव टाकायला परवाना लागतो. आधी नुकसान टाळायचं, मग कमी करायचं, उरेल त्याचीच भरपाई. त्यासाठी तिथं पाणथळींच्या बँका आहेत. कुणीतरी मोडलेली पाणथळ पुन्हा जिवंत करतो, ती सुधारेल तसतसे टप्प्याटप्प्यानं क्रेडिट, म्हणजे भरपाईचे विकता येणारे हिस्से, मोकळे होतात आणि भराव टाकणारा ते विकत घेतो. 2008 च्या नियमांत किमान पाच वर्षं देखरेखही आहे. पैसे भरले की सुटलो, ही वाट त्यातही उरते आणि ती मला खटकते. लांबच्या पाणथळीनं आमच्या विहिरी भरणार नाहीत. पण जागा आधी जिवंत करायची, मग क्रेडिट विकायचे, ही शिस्त मला फार मोलाची वाटली.

आपल्या 2017 च्या पाणथळ नियमांत अशी बँक नाही. शिवाय सिंचनासाठी किंवा पिण्याच्या पाण्यासाठी खास बांधलेले तलाव त्यातून वगळलेले आहेत. आमचं तळं पाणथळ धरावं, हा माझा पहिला अर्ज याच शेऱ्यानं परत आला. खरं तर बांध 1972 च्या दुष्काळी कामावर घातला गेला, तळं त्याच्या आधीचं. सिद्ध कसं करायचं? रेकॉर्डला चार खेपा घातल्या. शेवटी 1954 चं खासरा पत्रक, म्हणजे जमिनीच्या नोंदीचा जुना कागद, हाती आलं. पिवळट, घडीवर फाटलेलं. आमच्या सर्व्हे नंबरासमोर शाईनं लिहिलेलं होतं: तळे, पोटखराब. म्हणजे लागवडीला न येणारी जमीन. नक्कल घेताना माझा हात थरथरत होता.

त्या नक्कलेवर पुन्हा अर्ज, संयुक्त पाहणी, मोजणी. सहा महिने गेले. रस्ता पलीकडच्या अंगाला सरकला, भराव आठ गुंठ्यांवर आला. त्या आठ गुंठ्यांसाठी लगतच्या गायरानात नवी कड खोदायची आणि ती झाल्यावरच भराव टाकायचा, हा ठराव ग्रामसभेनं केला.

खोदताना मशीनवाला काठ उभा कापत होता. चुलत्यांनी थांबवून उतरता करून घेतला, बगळ्याला पाय टेकता यावा म्हणून. मग आम्ही जुन्या काठाचा गाळ घमेल्यांनी नेऊन पसरला. काळ्याभोर चिखलात लव्हाळ्याच्या गाठी बोटांना लागत होत्या.

मृगात पाणी चढलं. पहिल्या पंधरा दिवसांत नुसता गढूळपणा. नंतर उतारावर हिरवी टोकं दिसली, आणि पोळ्याच्या आदल्या सकाळी शेकाट्या पक्ष्यांची एक जोडी. वहीत तारीख लिहून ठेवली आहे. पाच वर्षं लिहिणार आहे.