एकोणसत्तरच्या पुरात लुना

पंचवटीतल्या काकूंनी बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यातून सुपर ८ ची, म्हणजे घरगुती चित्रीकरणाच्या छोट्या फिल्मची, रिळं आणून दिली. झाकण उघडताच व्हिनेगरचा भपकारा. ॲसिटेटची फिल्म कुजायला लागली की हा वास येतो. पुढे ती आक्रसते आणि स्कॅनरमधून नीट सरकत नाही. एका रिळावर काकांच्या अक्षरात ‘महापूर १९६९’. आम्ही गोदावरीवर माहितीपट करतोय, त्यामुळे दिग्दर्शक नाचायचाच बाकी होता.

स्कॅन एकेक फ्रेम थांबवून बघत होतो. पाणी गोदावरीतल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या कमरेला. एकोणसत्तरला याच्या कितीतरी वर होतं, हे नाशकात कुणीही सांगेल. पण पूर चढतानाचं असेल, म्हणून पुढे गेलो. मग विजेच्या खांबाला दोरीने बांधलेली लुना मोपेड दिसली. पेडलसकट, स्वच्छ. लुना बाजारात आली १९७२ ला!

रीळ लाइट बॉक्सवर घेतलं. लुनाच्या बरंच आधी एक चिकटपट्टीचा जोड, पिवळा पडलेला. जोडाआधीच्या तुकड्याच्या कडेला कोडॅकच्या बारीक खुणा असतात, त्यावरून फिल्म बनल्याचं साल कळतं. खुणा वीस वर्षांनी पुन्हा त्याच यायच्या, म्हणजे हा तुकडा १९४९ चा किंवा १९६९ चा. सुपर ८ आलंच १९६५ मध्ये, तेव्हा प्रश्न मिटला. पण हे फिल्म बनल्याचं साल. कॅमेऱ्यात कधी घातली, कोण सांगणार? त्या तुकड्यात नुसतं गढूळ पाणी आणि छत्री धरलेला एक पाठमोरा माणूस.

दिग्दर्शक म्हणाला, “लुना क्रॉप कर. पाणी ते पाणीच.” वर त्याला खोटे ओरखडे हवेत, आणि सेकंदाला १८ फ्रेमचं फुटेज २५ ने पळवायचंय. जुनी माणसं काय तुरुतुरु चालायची? फाळके ज्या गावात राहिले तिथे हे ऐकायचं म्हणजे कमाल आहे. हा माहितीपट बघणारे दरवर्षी मारुतीवरून पूर मोजतात, त्यांना लुना नाही दिसली तरी कंबर दिसेलच.

काकूंना फोनवर जोडाचं सांगितलं. “ह्यांनी तारीख कधी चुकवली नाही हो,” एवढंच म्हणाल्या. काका आता नाहीत.

लुना ठेवलीय, खाली ‘१९७२ नंतर’ लिहिलंय. त्यावर दिग्दर्शकाशी भांडण चालूच आहे. छत्रीवाल्याची फ्रेम छापून काकूंना दाखवायचीय. पाठीवरून कुणी ओळखू आलं, तर निदान तेव्हा तो किती वर्षांचा होता ते विचारता येईल.