पंधरा वर्षांचे साम्राज्य आणि त्याचे दप्तर

प्राचीन चीनविषयी कुठेही बोलायला उभा राहिलो की शेवटी श्रोत्यांतून एक प्रश्न हमखास येतो, आणि तो विचारणाऱ्याच्या आवाजात बहुधा थोडी तक्रारही असते. ‘पहिल्या सम्राटाने सहा राज्ये जिंकून चीन एक केला असे तुम्ही सांगता, पण त्याचे साम्राज्य तर पंधरा वर्षांत धुळीला मिळाले. मग एक केला म्हणजे नक्की काय केले?’ सभागृहाची वेळ संपत आलेली असते आणि दोन मिनिटांत दिलेले उत्तर अर्धवट राहते. तुम्ही विचारलेत म्हणून ते येथे सविस्तर लिहितो.

माझे उत्तर असे की सहा राज्ये जिंकण्याचे काम दहा वर्षांत उरकले, परंतु त्यांना एका कारभाराखाली आणण्याचे काम त्याच्या आधी सव्वाशेहून अधिक वर्षे सुरू झाले होते आणि सम्राट गेल्यावरही ते पन्नासहून अधिक वर्षे चालू राहिले. आपण सम्राटाकडे पाहत राहतो, कारण त्याच्या थडग्याजवळ पुरलेली मातीच्या शिपायांची फौज आपल्या डोळ्यांसमोर असते. त्याच्या कारकुनांकडे पाहिले तर प्रश्न निराळा दिसू लागतो. (पुढे येणारी साले, उत्खननांची सोडून, सर्व इ.स.पूर्व आहेत.)

जिंकण्याची हकीकत थोडक्यात आटोपता येते. पश्चिमेकडच्या छिन राज्याच्या गादीवर यिंग झंग, म्हणजे पुढचा पहिला सम्राट, २४६ मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षी आला. सत्ता प्रत्यक्ष त्याच्या हाती आली ती २३८ च्या सुमारास, आणि २३० पासून शेजारची राज्ये एकामागून एक पडू लागली: हान २३० मध्ये, झाओ २२८ मध्ये, वेई २२५ मध्ये, चू २२३ मध्ये, यान २२२ मध्ये आणि शेवटी छी २२१ मध्ये, तेही फारशी लढाई न होता. या वेगाचे आश्चर्य वाटत असेल तर हे लक्षात घ्यावे की खरी झुंज आधीच झाली होती. २६० मध्ये चांगपिंग येथे छिनने झाओचे सैन्य असे कापून काढले की ते राज्य पुन्हा कधी धड उभे राहिले नाही. इतिहासकार सिमा छियानने दिलेला चार लाखांचा आकडा मला फुगवलेला वाटतो, पण परिणामाविषयी शंका घेण्याचे कारण नाही.

हे बळ छिनमध्ये आले कोठून, हा अधिक कामाचा प्रश्न आहे. त्यासाठी शांग यांग या मंत्र्याकडे जावे लागते. तो मूळचा दुसऱ्या राज्यातला. ३६१ मध्ये छिनमध्ये आला आणि ३५६ पासून त्याने तेथील समाजाची घडीच मोडून नवी बसवली. पाच-पाच आणि दहा-दहा घरांचे गट करून प्रत्येक घराची नोंद ठेवण्यात आली, आणि गटातल्या एकाने गुन्हा केला तर इतरांनाही जबाबदार धरले जाऊ लागले. मानाच्या पायऱ्या ठरवण्यात आल्या, पुढे त्या वीस झाल्या. त्या कुळावरून मिळत नसत, रणांगणावरच्या कामगिरीवरून मिळत. राजघराण्यातला माणूस असला तरी लढाईत काही करून दाखवल्याशिवाय त्याला मान नाही, हा नियम सरदारांना किती झोंबला असेल याची कल्पना करता येते. ३५० नंतर गावे एकत्र करून तालुके पाडले गेले आणि त्यांवर वंशपरंपरागत जहागीरदार न बसता राजाने नेमलेले, पगारी आणि बदलता येणारे अधिकारी बसले. ३३८ मध्ये आश्रयदाता राजा वारला आणि दुखावलेल्या सरदारांनी शांग यांगचा सूड घेतला. रथांना बांधून त्याचे तुकडे करण्यात आले. त्याचे कायदे मात्र कोणी रद्द केले नाहीत, आणि त्यांच्या उपयुक्ततेचा याहून मोठा दाखला मला ठाऊक नाही.

शांघायच्या संग्रहालयात शांग यांगच्या काळातले ब्राँझचे एक चौकोनी माप आहे. त्यात दोनशे मिलिलिटरच्या किंचित वर धान्य मावते. त्याच्या अंगावर ३४४ सालचा मजकूर कोरलेला आहे, आणि बुडाला सम्राटाचा २२१ सालचा फर्मान: सारे देश एक झाले आहेत, तेव्हा वजने-मापे जेथे वेगवेगळी किंवा संशयास्पद असतील तेथे ती स्पष्ट व एकसारखी करावीत. म्हणजे साम्राज्य उभे राहिल्यावर नवे माप शोधण्याची गरजच पडली नाही. १२३ वर्षे एका राज्यात चाललेले माप उलटे केले, बुडाला चार ओळी कोरल्या आणि तेच साऱ्या मुलखाचे झाले.

हा कारभार रोजच्या व्यवहारात कसा चालत होता, हे आपल्याला फार उशिरा कळले. इ.स. १९७५ मध्ये हुबेई प्रांतात श्वेहूती येथे एका थडग्यात हजाराहून अधिक बांबूच्या पट्ट्या सापडल्या. थडगे होते शी नावाच्या एका तालुका कारकुनाचे. तो २१७ च्या सुमारास, पंचेचाळिशीच्या आसपास वारला आणि आपले कायद्याचे दप्तर उशा-पायथ्याशी घेऊन झोपला. पाणथळ जमिनीमुळे पट्ट्या टिकल्या. त्यांतले नियम वाचताना साम्राज्य नावाची भव्य कल्पना एकदम जमिनीवर येते. सरकारी बैलांची वर्षातून चार वेळा तपासणी होई. पहिल्या महिन्याच्या मोठ्या तपासणीत ज्याचे बैल उत्तम ठरत त्या अधिकाऱ्याला दारूचे एक भांडे आणि वाळवलेले मांस बक्षीस मिळे, आणि नांगरणीत बैलाच्या छातीचा घेर कमी झाला तर जबाबदार माणसाला दर बोटभर घटीमागे दहा फटके. पाऊस पडला की किती शेतीला त्याचा लाभ झाला हे तालुक्याने लेखी कळवायचे; जवळच्या तालुक्यांनी पायी निरोप्याकरवी, लांबच्यांनी डाकेने. दुष्काळ, टोळधाड, वादळ यांचेही तसेच. हे सगळे तोंडी चालणार नाही, लेखीच हवे, असा या दप्तराचा एकूण आग्रह आहे.

येथे थोडे विषयांतर. यिंग झंग गादीवर आला तेव्हा आपल्याकडे अशोक राज्य करीत होता, आणि त्याच्या आज्ञेचे तुकडे आपल्या सोपाऱ्यालाही मिळाले आहेत. अशोकाने प्रजेला काय सांगितले ते दगडावर राहिले. पण त्याच्या एखाद्या तालुक्यातल्या कारकुनाने बैलांची नोंद कशी ठेवली असेल, ते रोजचे दप्तर आपल्या हाती आलेले नाही. म्हणून छिनचा कारभार जास्त काटेकोर दिसतो यातला काही भाग निव्वळ चिखलाच्या कृपेचा आहे, हे मान्य केले पाहिजे.

श्वेहूतीच्याच दुसऱ्या एका थडग्यात लाकडी पाट्यांवर लिहिलेली दोन पत्रे मिळाली, आणि एकीकरणाविषयी मला सर्वांत जास्त त्यांनीच शिकवले. हेइफू आणि जिंग हे दोघे भाऊ छिनच्या फौजेत होते आणि चूच्या मोहिमेवरून त्यांनी घरी लिहिले आहे. हेइफू आईला कळवतो की गावाकडे कापड स्वस्त असेल तर उन्हाळी कपडे शिवून पैशांबरोबर पाठव, महाग असेल तर नुसते पैसे पाठव, मी इकडेच कापड घेईन. जिंगची अवस्था अधिक बिकट आहे. त्याने दुसऱ्याकडून उसने घेतले आहेत, पाच-सहाशे नाणी लवकर आली नाहीत तर मेलोच म्हणून समजा, असे सांगून तो ‘तातडीचे’ हा शब्द तीनदा लिहितो. पण माझे लक्ष खिळते ते हेइफूच्या एका वाक्यावर. उत्तरात हे नक्की कळवा, तो लिहितो, की मानाच्या पायरीचा कागद घरी पोचला की नाही. समोर बंडखोर शहरावर हल्ला व्हायचा आहे, आपण जिवंत राहू की नाही ठाऊक नाही, आणि हा शिपाई विचारतो आहे की आपण कमावलेली पायरी सरकारदप्तरी चढली का. सैन्यात शौर्य कोणत्याही राज्याला मिळते. ते नोंदवले जाईल असा भरवसा शिपायाला वाटणे ही छिनची कमाई होती.

आता सम्राटाच्या स्वतःच्या श्रेयाकडे येतो, कारण ते अजिबात नाही असे माझे म्हणणे नाही. २२१ मध्ये दरबारात वाद झाला. मंत्री वांग वान याचे म्हणणे होते की यान, छी, चू ही राज्ये फार लांब आहेत, तेथे राजपुत्रांना राजे म्हणून बसवल्याशिवाय ती सांभाळता येणार नाहीत. बहुतेक दरबार त्याच्या बाजूने होता. एकट्या ली स या अधिकाऱ्याने विरोध केला. छिनच्या आधीच्या चौ राजांनीही आपल्या भाऊबंदांना असेच मुलूख वाटून दिले होते आणि काही पिढ्यांनी तेच भाऊबंद एकमेकांचे वैरी झाले, हा त्याचा मुद्दा. सम्राटाने ली सचे ऐकले. मुलांना एक वीतभरही राज्य न देता त्याने सारा देश छत्तीस प्रांतांत विभागला आणि प्रत्येकावर मुलकी अधिकारी, लष्करी अधिकारी आणि त्या दोघांवर नजर ठेवणारा तिसरा नेमला. त्या काळच्या कोणत्याही राजाला सुचणे अवघड आणि पेलणे त्याहून अवघड असा हा निर्णय होता. लिपी, नाणी, गाड्यांच्या चाकांमधले अंतर एकसारखे केल्याचे पाठ्यपुस्तकांत वाचतो, ते सारे या एका निर्णयाच्या मागून आले असे मी समजतो.

हे नुसते राजधानीतले फर्मान नव्हते, याचा पुरावा इ.स. २००२ मध्ये हुनान प्रांतात लीये येथे एका बुजलेल्या विहिरीतून निघाला. तेथे डोंगराळ मुलखातल्या एका लहान तालुक्याचे दप्तर टाकून दिलेले होते: छत्तीस हजारांहून अधिक पट्ट्या, त्यांतल्या पुष्कळ कोऱ्या, आणि उरलेल्यांवर कैद्यांच्या कामाचे हिशेब, धान्याची आवक-जावक, टपाल कोणत्या वेळी पोचले याच्या नोंदी, एका पाटीवर तर पाढे. तेथेच मिळालेल्या कुटुंबांच्या यादीत पूर्वीच्या चूच्या रहिवाशांना छिनच्या मानाच्या पायऱ्या दिलेल्या दिसतात. काल जिंकलेला शत्रू आज यादीत, पायरीसह.

मग कोसळले कसे? एकाच पिढीवर फार ओझे लादले गेले, हे उत्तर साधे आहे, पण मला ते पटते. उत्तरेच्या भिंती, सरळ काढलेला लष्करी रस्ता, दक्षिणेची मोहीम, राजवाडा, थडगे, ही सारी कामे एकाच वेळी चालली आणि ती वेठीने चालली. २१३ मध्ये ग्रंथ जाळण्याचा हुकूम निघाला आणि पुढच्याच वर्षी चारशेहून अधिक विद्वान व मांत्रिक मारले गेले असे सिमा छियान सांगतो. २१० मध्ये सम्राट दौऱ्यावर असताना वारला. ली स आणि खोजा झाओ गाओ यांनी मृत्यू लपवला, दुर्गंधी कळू नये म्हणून सोबत खारवलेल्या मासळीची गाडी चालवली, बनावट आज्ञेने थोरल्या राजपुत्राला आत्महत्या करायला लावली आणि धाकट्याला गादीवर बसवले. २०९ मध्ये सरहद्दीवर निघालेले नऊशे लोक पावसात अडकले आणि उशिराची शिक्षा मृत्यूच आहे म्हणून त्यांच्या म्होरक्यांनी बंड केले, ही प्रसिद्ध कथा. शीच्या दप्तरात मात्र वेठीला उशिरा येणाऱ्यांसाठी ठपका आणि दंड इतकेच सांगितले आहे आणि पावसाची सूटही दिली आहे. तो नियम वेठीचा आहे, सरहद्दीच्या पहाऱ्याचा नव्हे, हे खरे. तरीही छिननंतरच्या हान राजवंशाच्या काळात (२३० मध्ये पडलेले हान राज्य वेगळे) शंभर वर्षांनी लिहिलेली कथा जशीच्या तशी घेताना मी आता अडखळतो.

आणि येथेच तुमच्या प्रश्नाचे उरलेले उत्तर आहे. छिनला गिळणारा ल्यू बांग हा छिनच्याच कारभारातला, एका चौकीचा नाईक होता. त्याचा उजवा हात श्याओ ह हा छिनचाच तालुका कारकून. २०६ मध्ये त्यांची फौज राजधानीत शिरली तेव्हा बाकीचे सरदार खजिन्यांकडे धावले, आणि श्याओ ह छिनच्या कचेऱ्यांत जाऊन कायदे, नकाशे आणि नोंदवह्या गोळा करीत राहिला. पुढे ल्यू बांगचा प्रतिस्पर्धी सेनापती श्यांग यू याने राजधानी जाळली, पण कोणत्या मुलखात किती घरे आणि कोठे नाके आहेत हे तोवर ल्यू बांगला ठाऊक झाले होते. २०२ मध्ये हान राजवंश उभा राहिला. हुबेईतच चांगच्याशान येथे १८६ सालचे हान कायदे मिळाले आहेत. ते वाचताना छिनची कलमे जागोजागी ओळखू येतात आणि वीस पायऱ्याही तशाच दिसतात.

एका बाबतीत मात्र हान मागे फिरले. ल्यू बांगने पूर्वेचा अर्ध्याहून अधिक मुलूख आपल्या आप्तांना राजे करून वाटून दिला, म्हणजे २२१ मध्ये वांग वानने सुचवलेलेच केले. पुढच्या दोन पिढ्यांत त्यांतल्या वू राज्याचा राजा स्वतःची नाणी पाडू लागला, मीठ विकून गबर झाला, आणि १५४ मध्ये दरबाराने मुलूख काढून घ्यायला सुरुवात करताच सात राजांनी मिळून बंड केले. ते तीन महिन्यांत मोडले. १४५ मध्ये या राजांचा कारभाराचा अधिकारच काढून घेण्यात आला. त्यांच्या राज्यांतले मोठे अधिकारी राजधानीतून नेमले जाऊ लागले आणि राजांच्या वाट्याला महसूल तेवढा उरला.