आमची वाटचाल : शिरोली ते मुंद्रा, मधे नऊ कंटेनर

आमच्या ऑफिसात गणपतीच्या फोटोखाली काचेचा एक मेजरिंग सिलिंडर उभा आहे. १०० मिलीचा, बुडाला टवका उडालेला. नवीन माणूस कामाला आला की पहिले पंधरा दिवस त्याला दुसरं काही करू देत नाही. दोन ग्रॅम बेंटोनाइट, म्हणजे पाण्यात फुगणारी चिकणमाती, कोरडं, चाळलेलं. सिलिंडरमध्ये डिस्टिल्ड पाणी. माती चिमटी चिमटीने सोडायची, एका चिमटीत ग्रॅमचा दहावा हिस्सा. ती चिमूट भिजून तळाला बसली की दुसरी. मधे निदान दहा मिनिटं. म्हणजे वीस चिमट्यांना तीन तास सहज जातात. मग रात्रभर हात लावायचा नाही आणि सकाळी माती किती मिलीपर्यंत फुगली ते वाचायचं. हेच स्वेलिंग. चोवीसच्या वर असेल तर बोलायचं, नाहीतर गोणी परत.

बाजारात निम्मे लोक दोन्ही ग्रॅम एकदम ओततात, वर गुठळी तरंगते, खाली पोकळी राहते आणि आकडा फुगतो. पुढे जे सांगणार आहे ते सगळं या चिमटीवरूनच झालं.

मी मूळचा सँड प्लँटवरचा माणूस. कोल्हापूरजवळच्या शिरोली एमआयडीसीतल्या एका फौंड्रीत सुपरवायझर होतो. ग्रीन सँड (साच्यासाठी बेंटोनाइट आणि पाणी घालून मळलेली वाळू), ती मळणारा मुलर, कोल डस्ट, दिवसाला साच्यांचे शंभर बॉक्स. कास्टिंगला स्कॅब (पृष्ठभागावर खवला) आला की साच्याची आखणी करणारे मेथड्सवाले सँडवर ढकलायचे, सँडवाले बेंटोनाइटवर, आणि बेंटोनाइटवाला म्हणायचा, ‘साहेब, लॉट बदललाय.’ दर ट्रकला लॉट बदलायचा! एकदा वैतागून चार दिवस रजा टाकली आणि रात्रीच्या बसने भुजला गेलो, ही माती नेमकी निघते तरी कुठून ते बघायला. ते १९९७ साल.

तिथे बापू भेटले. कच्छच्या मांडवी तालुक्यात त्यांची खाण, अंगणात माती दळायचे दोन पल्व्हरायझर, खाटेवर बसून चहा बशीत ओतून पिणारा माणूस. मी सँडमधल्या वेट टेन्साइलबद्दल, म्हणजे ओली वाळू किती ताण सोसते त्याबद्दल, अर्धा तास बोललो. ते सगळं ऐकून घेऊन म्हणाले, ‘भाऊ, तुम को माटी नहीं चाहिए, एक ही माटी चाहिए.’ नेमकं दुखणं त्यांनी एका वाक्यात सांगितलं. एका खाणीत पिवळी, हिरवट, गुलाबी अशा पाच थरांची माती असते, माती जास्त फुगवणारं सोडियम प्रत्येकीत वेगळं. लोक जेसीबीने सगळं एकत्र उपसतात. बापू थर वेगळे काढायचे, वेगळे वाळवायचे. ओली माती उन्हात पसरायची, ट्रॅक्टरने उलटीपालटी करायची, लागेल तितकाच सोडा अ‍ॅश मारायचा, पुन्हा पसरायची. ऊन आहे तोवर धंदा. जूनमध्ये पाऊस लागला की यार्ड बंद, म्हणून मेअखेरीपर्यंत पुढच्या चार महिन्यांचा माल शेडमध्ये पाहिजे. आजही पाहिजे. ड्रायर लावून वाळवणारे आहेत, पण डिझेलने वाळवलेल्या मातीचा हिशोब मला कधी जमला नाही.

(जाता जाता एक सांगतो. कच्छची ही माती दख्खनच्या ज्वालामुखीच्या राखेतून, बेसाल्टमधून तयार झाली. पन्हाळा-जोतिबाच्या खाली तोच काळा दगड आहे. आमच्या वाट्याला दगड आला, त्यांच्या वाट्याला माती. नशीब!)

१९९८ ला नोकरी सोडली. शिरोलीत भाड्याचं गोडाऊन, पन्नास किलोची गोणी. पहिलं गिऱ्हाईक म्हणजे आमचे दादा. सबमर्सिबल पंपाच्या बॉडी ओतणारी लहान फौंड्री. दादा शाळा सोडलेले, पण मूठभर सँड दाबून, मोडून, कडा बघून ओलावा सांगायचे आणि मशीन त्यांच्या मागून तेच सांगायचं. पहिल्या ट्रकला त्यांनी दर विचारला नाही. म्हणाले, ‘दर मग बघू. पुढच्या ट्रकला हीच माती देशील काय, तेवढं सांग.’ दिली. आजपर्यंत देतोय.

२६ जानेवारी २००१ ला भूकंप झाला. बापूंचं घर पडलं, मिलची भिंत पडली, एक कामगार गेला. आठ दिवस फोन लागत नव्हता. मी पोचलो तेव्हा बापू तंबूत होते आणि त्यांनी पहिला प्रश्न विचारला, दादांचा ट्रक राहिला का. इकडे दादांनी न मागता दोन ट्रकचे पैसे आगाऊ दिले होते. कोल्हापुरात फौंड्रीवाला आगाऊ पैसे देतो हे ऐकून ज्यांना हसू येतंय त्यांना आमचा धंदा कळलेला आहे.

भूकंपानंतर सरकारने कच्छमध्ये नव्या कारखान्यांना एक्साइज माफ केली. ठीकच होतं, जिल्हा उभा राहिला पाहिजे होता. पण जो तो मिल टाकायला आला. कच्छमधलंच मुंद्रा बंदर वाढत होतं, कंटेनर दाराशी आला. तोवर आमची माती प्रामुख्याने देशातल्या फौंड्र्यांत जायची, आता आखाती देश नकाशावर दिसायला लागले. आम्हीही कर्ज काढून बापूंच्या भागीदारीत माती दळायची रेमंड मिल बसवली. २००५ मध्ये पहिला वीस फुटी कंटेनर दुबईला गेला, पायलिंगच्या कामाला. जमिनीत भोक पाडायचं, भिंत ढासळू नये म्हणून बेंटोनाइटचं पाणी भरून ठेवायचं, काँक्रीट खालून ओतत वर आणायचं. तेव्हा दुबईत जिकडे बघावं तिकडे भोकंच होती.

याच सुमारास आमच्याकडे तीन वर्षं शिकलेला एक माणूस सोडून गेला आणि स्वतःची फर्म काढली. नाव घेत नाही, त्याच्या गोण्यांवर ते पुरेसं मोठं असतं. शिकला म्हणजे काय, तर गिऱ्हाइकांचे पत्ते शिकला. सिलिंडरपाशी त्याला कधीच धीर धरवत नव्हता. त्याने सोडा वाढवला. सोडा वाढवला की सुरुवातीला माती झकास वाटते. फौंड्रीत मात्र दोन महिन्यांनी सँड कास्टिंगला भाजून चिकटायला लागते, आणि तोवर पैसे मिळालेले असतात. तो आमच्यापेक्षा टनाला आठ डॉलर कमी लावायचा. मातीच्या धंद्यात आठ डॉलर म्हणजे डोंगर.

आता २००८. त्या वर्षाच्या उन्हाळ्यात आम्ही खूश होतो. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये नऊ कंटेनर दुबईच्या जेबेल अली बंदराला लागले आणि मंदीने जगाचा दिवा गेला. मे महिन्यात जहाजभाड्याचा बाल्टिक ड्राय इंडेक्स ११,७९३ वर होता, डिसेंबरात ६६३ वर आला. दुबईतल्या साइट बंद पडू लागल्या. आमच्या खरेदीदाराला भोकं पाडायचीच नव्हती, मग माती कशाला? पण तसं लिहून कोण देतो. त्याने लिहिलं, ‘स्वेलिंग कमी, माल नामंजूर.’

स्वेलिंग कमी! माझ्या मातीचं!

कागद नव्वद दिवसांच्या उधारीवरचे. बँकेकडे गेलो तर मॅनेजर म्हणाले, तुमचा तुम्ही बघा. माल दुसऱ्याला विकायचा तर आधीच्या खरेदीदाराची ना-हरकत पाहिजे, ती तो देईना. परत आणायचा तर दोन्हीकडचं भाडं मालाच्या किमतीला भिडायचं. बंदरात दर दिवशी, दर कंटेनरला डिटेन्शन आणि डेमरेज, म्हणजे कंटेनर अडवून ठेवल्याचा आकार, चढत होतं. नऊ कंटेनरचा माल सगळा मिळून दहा-अकरा लाखांचा. आज ऐकायला किरकोळ वाटेल, पण मिलचा हप्ता होता आणि इथल्या फौंड्र्याही आठवड्यातून तीन दिवस चालत होत्या. सौ.च्या पाटल्या गेल्या. स्कूटर गेली. बापूंनी खाणीवरचे दोन ट्रॅक्टर विकले आणि मला दोन महिने सांगितलंच नाही.

शेवटी जानेवारीत खरेदीदाराने उपकार केल्यासारखं पस्तीस टक्के किमतीत माल उचलला. मी सही केली.

आता जे सांगतो ते सतरा वर्षं पोटात आहे. आमच्या प्रत्येक जंबो बॅगमध्ये वरच्या बाजूला एक चिठ्ठी असते. बॅच, ओलावा, स्वेलिंग. तेव्हा ती सौ. हाताने लिहायची, निळ्या शाईने, आकडे देवनागरीत, कारण इंग्रजी सात आणि एक यांत गोंधळ व्हायचा. मार्चमध्ये दुबईतल्या एका चालू साइटवरून इचलकरंजीच्या एका इंजिनिअर पोराचा फोन आला. त्याच्याकडे बेंटोनाइट आलं होतं, नव्या गोण्यांत, आमच्या त्या शिकाऊ उमेदवाराच्या नावाने. एक गोणी फाडली तर आतून मातीने माखलेली चिठ्ठी निघाली. ‘काका, दुबईत मराठी आकडे कोण लिहितंय म्हणून फोन केला.’ चिठ्ठीवर लिहिलं होतं : स्वेलिंग २७.

म्हणजे नामंजूर माल त्याच्या गोणीत शिरून मंजूर झाला. वकिलाला विचारलं. वकील म्हणाला, सही केलीत ना? विषय संपला. पोराने ती चिठ्ठी सुट्टीला येताना आणून दिली, सिलिंडरच्या शेजारी फ्रेममध्ये आहे. सौ. म्हणते काढा ती. नाही काढणार.

त्या वर्षी दादांनी आम्हाला जगवलं. त्यांची स्वतःची भट्टी एका पाळीवर आलेली, तरी महिन्याला एक ट्रक घेतच राहिले. त्यांच्या शेडमध्ये वर्षभराची माती साठली होती. मी म्हटलं, दादा, कशाला? म्हणाले, ‘माती काय नासतिया व्हय? आणि तू गेलास तर पुन्हा दर ट्रकला लॉट बदलणार. त्ये मला परवडत न्हाई.’

२०१० ते २०१४ माल गेला, पैसे आले. लिहिण्यासारखं एवढंच, की तेलविहिरींच्या ड्रिलिंगचं काम मिळालं आणि त्यासाठी माती-पाण्याचा दाटपणा मोजणारा सेकंडहँड व्हिस्कोमीटर घेतला. ३५० मिली पाण्यात साडेबावीस ग्रॅम माती, ६०० आरपीएमला काटा तीसच्या खाली येता कामा नये. यंत्र फार देखणं आहे. घेतलं आणि तेल शंभर डॉलरवरून घसरत २०१६ च्या जानेवारीत तिसाच्या खाली गेलं. रिग बंद. यंत्रावर आता मुलीने कुंडी ठेवली आहे.

नवीन पोरं विचारतात, निर्यातीत काय बघावं. विचारत नाहीत खरं तर, मीच सांगतो. भाडं बघा. आमची माती टनावर विकली जाते आणि स्वस्त आहे, म्हणून तिच्या नशिबाचा निकाल खाणीत लागत नाही, जहाजावर लागतो. २०२१ मध्ये रिकामे कंटेनर चीन-अमेरिकेच्या मार्गावर पळाले, मुंद्र्यात मिळेनात, आणि काही ठिकाणी भाडं आतल्या मातीपेक्षा जास्त झालं. २०२३ च्या डिसेंबरपासून तांबड्या समुद्रात जहाजांवर होणाऱ्या हल्ल्यांमुळे युरोपची जहाजं आफ्रिकेला वळसा घालून जाऊ लागली. ग्रीसच्या मिलोस बेटावर उत्तम बेंटोनाइट निघतं, युरोपच्या अगदी दाराशी. आम्ही वळसा घालून त्याच्याशी दरात कसं भिडणार? दर देताना सीआयएफ (भाडं-विमा आपल्या अंगावर) देऊ नका, एफओबी (माल जहाजावर चढेपर्यंतच आपला) द्या. कंटेनर भरण्याआधी आत उभं राहून दार लावून घ्या. कुठून उजेड दिसला तर तिथूनच पाणी येणार. लाकडी पॅलेटवर आयएसपीएम-१५ चा, म्हणजे लाकूड कीडमुक्त केल्याचा, शिक्का स्वतः बघा. प्रत्येक लॉटचा नमुना सीलबंद करून दोन वर्षं ठेवा. नव्वद दिवसांची उधारी तर सख्ख्या मेहुण्यालाही देऊ नका.

आणि ढेकळं विकू नका. कच्छमधून कच्ची माती सुटी जहाजात भरून जाते, लोहखनिजाच्या गोळ्या (पेलेट) बांधायला, आणखी कशाकशासाठी. बाहेर दळली जाते, तिथला माणूस त्यावर कमावतो. निर्यातीचे टन वाढले की इथे पेढे वाटतात. टनाला काय मिळालं ते कुणी विचारत नाही. मांजराच्या लिटरचंच बघा, म्हणजे घरातल्या मांजराच्या शी-शूसाठी पसरतात त्या दाण्यांचं. तीच माती, दाणे करून, धूळ काढून, थोडा वास लावून किलोच्या भावाने विकतात. आम्ही २०१९ ला दाण्यांची लहान लाइन टाकली. धूळ अजून पूर्ण निघत नाही, जपानी खरेदीदार काळा कपडा पसरून त्यावर ओततो आणि बोट फिरवतो. तीन नमुने परत आले. चौथा पाठवलाय. बापूंना हे कळलं असतं तर खूप हसले असते, माती आणि तीही मांजराला! बापू २०२० ला गेले, कोविडमध्ये. पोचता आलं नाही.

दादा आता कारखान्यात येतात ते फक्त सकाळी, सँड मुठीत धरायला. खरेदी मुलगा बघतो. हुशार आहे, शिकलेला आहे, तीन कोटेशन मागवतो. गेल्या आठवड्यात त्याची ईमेल आली : ‘काका, अमुक फर्मचा दर तुमच्यापेक्षा टनाला चारशे रुपयांनी कमी आहे, मॅच कराल का? सोबत त्यांचा नमुना पाठवत आहे.’ फर्म कुठली ते तुम्ही ओळखलंच.

उत्तर दिलेलं नाही. नमुना काल दुपारी सिलिंडरमध्ये सोडायला घेतला, एकेक चिमूट, मीच. शेवटची चिमूट पडायला सात वाजले. आज सकाळी वाचला, एकोणीस. दादांना फोन लावला तर म्हणाले, ‘मला कशाला सांगतोस, मी मुठीतच वळीखलं हुतं. त्या पोराला सांग.’ आता पोराला काय आणि कसं लिहायचं, ते बसून बघतोय.