तुम्ही विचारलंत म्हणून: ‘यातलं खरं किती?’

गोव्यातल्या राण्यांच्या बंडावरच्या माझ्या कादंबरीच्या प्रत्येक कार्यक्रमात प्रश्नोत्तरं सुरू झाली की मागून कुणीतरी उठतंच. “मॅडम, यातलं खरं किती?” शेजारच्या खुर्चीतल्या लेखकाला विचारतात, संशोधनाला किती वर्षं लागली. मला हे. त्यानंतर, घर सांभाळून कसं जमतं.

घ्या तर मग. 26 जानेवारी 1852 ला पोर्तुगीजांविरुद्ध उठलेल्या दिपाजी राण्यांनी गोव्यातला नाणूसचा किल्ला घेतला, हे खरं. 1895 मध्ये गोव्यातल्या मराठा शिपायांनी मोझांबिकला जायला नकार दिला, राणे त्यांना मिळाले आणि बंड मोडायला लिस्बनहून राजाचा भाऊ फौज घेऊन आला, हेही खरं. त्याआधी, 1845 च्या सुमारास, इंग्रजांविरुद्ध उठलेले सावंतवाडीचे बंडवाले गोव्यात आश्रयाला गेले होते. ही सरहद्द आमच्याकडे भिंत कधी नव्हतीच, पडवी होती. मी सरहद्दीच्या अलीकडे दोडामार्गात राहते, बाजाराला पलीकडे गोव्यातल्या साखळीला जाते. मी दुसरं कशावर लिहिणार?

बाकीचं रचलेलं. शिपायांच्या बायका काय बोलल्या, ते मी वाचलेल्या एकाही कागदात नाही. त्यासाठी मोडी शिकले, पणजीच्या पुराभिलेखागारात धूळ खाल्ली, आणि तरी रचावंच लागलं. यात लाजण्यासारखं काही नाही, असं मी वर्षानुवर्षं ठणकावून सांगत आले. “कागद संपतो तिथे कादंबरी सुरू होते” हे माझं ठरलेलं वाक्य. टाळ्या पडायच्या.

मग एका दुपारी एक म्हातारी आली. गोव्याच्या सत्तरी तालुक्यातून, दोन बस बदलून. पहिल्यांदा घरी जायचं तर रिकाम्या हाताने कसं, म्हणून आमसुलांची पिशवी आणलेली. पाणी प्याली. पदराआडून पुस्तकातल्या पानांची झेरॉक्स काढली, चार घड्या घातलेली. म्हणाली, “बाय, तुवें बरयलां तें घर आमचें.” तू लिहिलंस ते घर आमचं.

पान ओळखायला मला वेळ लागला नाही. माझ्या कादंबरीत एक वाटाड्या आहे. तो फिरंग्यांच्या शिपायांना रात्री म्हादई नदी ओलांडायचा उतार दाखवतो आणि सहा माणसं मरतात. त्याचं घर नदीच्या वळणावर, दारात तुळशीवृंदावन, त्याचा डावा कोपरा उडालेला. ते वृंदावन मी वाळपईच्या बसमधून पाहिलं होतं आणि तिकिटाच्या पाठीवर टिपलं होतं. आत कोण राहतं, हा विचारही मनाला शिवला नव्हता.

गावात कुणीतरी पुस्तक वाचलं. कोपऱ्यावरून घर ओळखलं. नातीची सोयरीक जवळजवळ ठरली होती. समोरच्यांनी निरोप पाठवला, फितुराच्या घरातली मुलगी नको.

मी घाईघाईने म्हटलं, “आजी, तो वाटाड्या नव्हताच कुणी. मी रचला.” पुढे पुस्तकाच्या पहिल्या पानावरची ‘सर्व पात्रे काल्पनिक’ ही ओळसुद्धा वाचून दाखवली. मूर्खासारखी.

तिने ऐकून घेतलं. मग विचारलं, “मागीर आमचेंच घर कित्याक?” मग आमचंच घर का?

उत्तर होतं, पण तिच्या तोंडावर देता आलं नाही. दिसायला सुंदर होतं, म्हणून.

सोयरीक मोडायचं खरं कारण हुंडा असेल, पत्रिका असेल, असं मी नंतर स्वतःला बरंच समजावलं. असेलही. आणि प्रत्येक घर, प्रत्येक तुळस बदलत बसले तर लिहायचं काय, ‘एक गाव, एक नदी’? मग तुम्हीच म्हणाल, बाईंना तपशील जमत नाहीत.

आता दुसरी आवृत्ती निघते आहे. वृंदावन काढून टाकावं, तर गाव म्हणेल, बघा, खरं होतं म्हणूनच काढलं. वाटाड्याच काढावा, तर तो उतार शिपायांना दाखवला कुणी? तो खरा नव्हता असं मीच त्या दुपारी बोलले, आणि आता तोच निघता निघत नाही.

आमसुलं अजून बरणीत आहेत. प्रकाशक मंगळवारी फोन करणार आहेत.