वचन आधी की वहिवाट आधी? दक्षिण आफ्रिकेतील चर्च आणि वर्णभेद

धर्मग्रंथातील वचनांचा राजकारणाने गैरवापर केला, असे म्हणणे फार सोयीचे असते. त्यात धर्म निर्दोष सुटतो, राजकारणाला दोष देण्याची आपल्याला सवयच असते आणि विषय तिथेच मिटतो. दक्षिण आफ्रिकेतील वर्णभेद आणि तिथले डच रिफॉर्म्ड चर्च यांचा इतिहास वाचताना मात्र हे स्पष्टीकरण अपुरे पडते. तिथे पुष्कळदा चर्च पुढे होते आणि सरकार त्याच्या मागून चालले. आणि खुद्द चर्चमध्येही आधी वहिवाट पडली, तिला शोभेल असे धर्मशास्त्र मागाहून, सवडीने रचले गेले. हा क्रम माझ्या मते या सगळ्या प्रकरणातील सर्वांत महत्त्वाची गोष्ट आहे, म्हणून तो जरा तपशिलाने मांडतो.

1829 साली केप वसाहतीतील या चर्चच्या सिनॉडपुढे, म्हणजे सर्वोच्च धर्मसभेपुढे, एक प्रश्न आला होता. बाप्तिस्मा घेतलेल्या गौरेतर सभासदाला गोऱ्यांच्या बरोबरीने प्रभुभोजन, म्हणजे उपासनेतील भाकर आणि द्राक्षारसाचा प्रसाद, द्यावे की नाही? धर्मसभेने निःसंदिग्ध उत्तर दिले: प्रभुभोजन सर्वांना एकत्रच दिले जावे, त्यात रंगाचा किंवा वंशाचा भेद करता येणार नाही, कारण हे तत्त्व देवाच्या वचनावर आधारलेले आहे. म्हणजे ग्रंथाचा अर्थ चर्चला ठाऊक नव्हता असे म्हणायला जागा नाही. मग 1857 साल उजाडले. सीमाभागातील काही गोऱ्या शेतकऱ्यांना, ज्यांच्या पूर्वजांनी दोन-तीन पिढ्या गुलाम बाळगले होते, गौरेतरांच्या शेजारी बसून उपासना करणे जड जात होते. धर्मसभेने यावर जो ठराव केला तो आजही वाचण्यासारखा आहे. एकत्र उपासना हीच इष्ट आणि शास्त्रसंमत आहे, असे त्यात आधी मान्य केले आहे. परंतु ‘काहींच्या दुर्बलतेमुळे’ जिथे त्याने मिशनकार्यात अडथळा येत असेल, तिथे गौरेतर सभासदांची उपासना वेगळ्या इमारतीत व्हावी, अशी मुभा पुढे जोडली आहे.

दुर्बलांना सांभाळून घ्या, हा उपदेश बायबलमधील प्रेषित पौलाचा. मूर्तींना वाहिलेले अन्न खावे की न खावे, या वादात त्याने विश्वासाने बळकट असलेल्यांना सांगितले होते की ज्याचे मन त्या अन्नाला कचरते त्याला दुखवू नका. या उपदेशाचा आधार 1857 मध्ये कोणाला मिळाला? जमीन, बंदूक, मतदान आणि चर्चमधील पुढचे बाक ज्यांच्याकडे होते त्यांना. ‘दुर्बल’ ठरले ते मालक, आणि त्यांना सांभाळून घेण्याची जबाबदारी पडली बाहेर पाठवल्या गेलेल्यांवर. तरीही ही केवळ सवलत होती, सिद्धान्त नव्हता, हे लक्षात ठेवले पाहिजे. सवलतीची वहिवाट व्हायला पंचवीस वर्षेही लागली नाहीत. 1881 साली गौरेतरांसाठी स्वतंत्र डच रिफॉर्म्ड मिशन चर्च स्थापन झाले, आणि पुढे कृष्णवर्णीय आफ्रिकींसाठी आणखी वेगळी चर्चे निघाली. गोऱ्यांचे ते मातृचर्च आणि बाकीची कन्याचर्चे, अशी घरगुती भाषा या विभागणीला लाभली.

धर्मशास्त्र आले ते यानंतर. बाहेरच्या लोकांचा समज असा असतो की वर्णभेदाचे समर्थन नोहाच्या हाम या मुलाशी जोडलेल्या, त्याच्या वंशाला गुलामी लावणाऱ्या शापाच्या कथेवरून केले गेले. शेतावरच्या, स्वयंपाकघरातल्या बोलण्यात ती कथा होतीच. पण पदवीधर धर्मपंडितांनी तिच्यावर फारसा भर दिला नाही. त्यांचा आधार अधिक सुबक होता. 1944 साली ब्लूमफाँटेन येथील परिषदेत टोटियस या नावाने लिहिणाऱ्या कवी-धर्मपंडिताचे भाषण झाले. हा माणूस साधासुधा नव्हता. 1933 साली प्रसिद्ध झालेल्या आफ्रिकान्स बायबलच्या भाषांतरात त्याचा सिंहाचा वाटा होता. त्याने ‘उत्पत्ती’ या बायबलच्या पहिल्या पुस्तकाच्या पहिल्या अध्यायापासून सुरुवात केली. देवाने प्रकाश अंधारापासून वेगळा केला, आकाशाखालचे पाणी आकाशावरच्या पाण्यापासून वेगळे केले, म्हणजे देव हा मुळातच विभागणारा आहे. मग बाबेलचा बुरूज: माणसे एकत्र राहण्याचा हट्ट धरत होती, तेव्हा देवाने त्यांच्या भाषा वेगळ्या करून त्यांना पांगवले. यावरून निष्कर्ष असा की देवाने जे वेगळे केले ते माणसाने जोडू नये. देवाने जे जोडले ते माणसाने तोडू नये, हे विवाहविधीत ऐकू येणारे येशूचे वचन इथे बरोबर उलटे झाले आहे. याला डच विचारवंत आब्राहाम कायपर यांच्या विचारांचीही जोड मिळाली. जीवनाच्या प्रत्येक क्षेत्राला देवाने आपापली स्वायत्तता दिली आहे, असे कायपर मांडत. कुटुंब, विद्यापीठ, शासन यांच्याबद्दलचा हा विचार आफ्रिकानेर, म्हणजे मुख्यतः डच वंशाच्या गोऱ्या, पंडितांनी ‘लोक’ किंवा ‘राष्ट्र’ या कल्पनेवर नेऊन बसवला.

या वादात दोन्ही बाजू ज्या एका वचनाकडे परत परत येत राहिल्या ते बायबलमधील ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकाच्या सतराव्या अध्यायातील सव्विसावे वचन. अथेन्समधील भाषणात पौल म्हणतो की देवाने एकापासूनच माणसांची सर्व राष्ट्रे निर्माण केली, आणि त्यांचे काळ व त्यांच्या वस्तीच्या सीमा ठरवून दिल्या. वर्णभेदाचे विरोधक वाक्याच्या पूर्वार्धावर बोट ठेवत, समर्थक उत्तरार्धावर. आपल्याकडे गीतेतील ‘चातुर्वर्ण्यं मया सृष्टं गुणकर्मविभागशः’ या ओळीवरून झालेले वाद ज्यांनी वाचले आहेत त्यांना ही झटापट ओळखीची वाटेल: एक पक्ष ‘मया सृष्टं’वर जोर देतो, दुसरा ‘गुणकर्म’वर. पौलाच्या भाषणाचा ओघ पाहिला तर सीमांचा उल्लेख ओझरता आहे. सर्व माणसांनी देवाचा शोध घ्यावा, तो कोणापासूनही दूर नाही, याकडे ते भाषण चालले आहे. पण वचन संदर्भातून सुटे करून घेतले की ओझरता उल्लेखही घटनेच्या कलमासारखा वापरता येतो.

आता सरकारकडे येऊ. 1948 साली सत्तेवर आलेल्या नॅशनल पार्टीचे पंतप्रधान डी. एफ. मलान हे स्वतः या चर्चचे माजी धर्मोपदेशक होते. आंतरवर्णीय विवाहांना बंदी घालणारा कायदा 1949 साली झाला, पण तशी मागणी चर्चने त्याआधी अनेक वर्षे लावून धरली होती. त्याहून बोलका प्रसंग 1950 सालचा आहे. चर्चच्या पुढाकाराने ब्लूमफाँटेन येथे भरलेल्या परिषदेने गोऱ्यांचा आणि कृष्णवर्णीयांचा प्रदेश संपूर्णपणे वेगळा करावा अशी मागणी केली, आणि मलान यांना संसदेत सांगावे लागले की हे व्यवहार्य नाही. कारण उघड होते: खाणी, शेते आणि घरे कृष्णवर्णीयांच्या श्रमावर चालत होती. राजकारण्याला श्रम हवे होते, धर्मपंडिताला तत्त्वाची शुद्धता. नॅशनल पार्टी रविवारी प्रार्थनेला बसली की तिला डच रिफॉर्म्ड चर्च म्हणतात, असा विनोद त्या देशात रूढ होता. पण या प्रसंगी प्रार्थनेला बसलेली पार्टीच संसदेतल्या पार्टीपेक्षा कडवी निघाली.

चर्चच्या आतून विरोध झाला नाही असे नाही. बेन मारे आणि बी. बी. केट या दोन धर्मपंडितांनी 1950 च्या दशकात लिहून दाखवले की वर्णविभागणीला बायबलचा आधार नाही. त्यांच्याकडे दुर्लक्ष करणे शक्य होते आणि ते केले गेले. बेयर्स नौडे यांच्याकडे दुर्लक्ष करणे अवघड होते, कारण ते घरातले होते. त्यांचे वडील ब्रूडरबॉन्ड या आफ्रिकानेरांच्या गुप्त संघटनेच्या संस्थापकांपैकी एक. स्वतः नौडेही तिचे सभासद. 21 मार्च 1960 रोजी शार्पव्हिल येथे पोलिसांच्या गोळीबारात 69 माणसे मेली. त्यानंतर डिसेंबरमध्ये जोहान्सबर्गमधील कॉटेस्लो येथे जागतिक चर्च परिषदेच्या पुढाकाराने बैठक झाली. कोणत्याही ख्रिस्ती माणसाला रंगावरून चर्चमध्ये मज्जाव करता येणार नाही आणि आंतरवर्णीय विवाहाच्या बंदीला शास्त्राधार नाही, असे तिच्या निवेदनात म्हटले होते, आणि त्याला डच रिफॉर्म्डच्या केप आणि ट्रान्सवाल येथील प्रतिनिधींचीही संमती होती. पंतप्रधान फेरवूर्ड यांनी नापसंती दाखवली, धर्मसभांनी आपल्याच प्रतिनिधींना तोंडघशी पाडले आणि चर्च जागतिक परिषदेतून बाहेर पडले. नौडे यांनी मात्र माघार घेतली नाही. 1963 च्या सप्टेंबरमध्ये त्यांनी आपल्या मंडळीपुढे जो निरोपाचा उपदेश केला त्यासाठी निवडलेले वचन होते, माणसांपेक्षा देवाची आज्ञा मानली पाहिजे. त्यांनी चालवलेल्या ख्रिश्चन इन्स्टिट्यूटवर आणि स्वतः त्यांच्यावर 1977 साली बंदी आली. 1984 पर्यंत त्यांना एका वेळी एकाहून अधिक माणसांना भेटण्याचीही मनाई होती.

आज्ञापालनाचा हा प्रश्न 1985 साली अगदी टोकाला गेला. त्या वर्षीच्या ईस्टरला अध्यक्ष पी. डब्ल्यू. बोथा मोरिया येथे झायन ख्रिश्चन चर्चच्या मेळाव्याला गेले आणि तिथल्या अफाट जनसमुदायापुढे त्यांनी पौलाने रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या तेराव्या अध्यायाचा दाखला दिला: प्रत्येकाने वरिष्ठ सत्तेच्या अधीन असावे, कारण सत्ता देवाने नेमलेली आहे. हे चर्च आफ्रिकींनी स्थापन केलेले, आफ्रिकींनीच चालवलेले. बोथा तिथे पाहुणे म्हणून बोलावले गेले होते. अन्यायग्रस्त माणूस ग्रंथ वाचतो तेव्हा त्याला त्यातून आपोआप बंडच सापडते, असे मानणाऱ्यांनी हा मेळावा विसरू नये.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये, देशात आणीबाणी असताना, जोहान्सबर्गजवळच्या सोवेटो या कृष्णवर्णीयांच्या वस्तीतून ‘कायरॉस दस्तऐवज’ हे निवेदन प्रसिद्ध झाले. दीडशेहून अधिक धर्मपंडितांच्या आणि पाळकांच्या त्यावर सह्या होत्या. या निवेदनाने तीन धर्मशास्त्रे वेगळी केली. पहिले राज्यसत्तेचे, जे रोमकरांस पत्राचा तेरावा अध्याय, ‘कायदा आणि सुव्यवस्था’ आणि साम्यवादाची भीती यांवर उभे होते. 1983 च्या राज्यघटनेचा आरंभ सर्वशक्तिमान देवाच्या नावाने होतो, याला तर या निवेदनाने थेट देवनिंदा म्हटले. दुसरे चर्चचे. हे वर्णभेदाला नावे ठेवते, पण न्यायाआधीच समेटाची भाषा बोलते आणि दगड मारणारा तरुण व रणगाडा चालवणारा सैनिक यांच्या हिंसेला एकाच तागडीत तोलते. तिसरे, ज्याचा पुरस्कार केला होता ते, संदेष्ट्यांचे, म्हणजे अन्याय सोसणाऱ्यांची उघड बाजू घेणारे. मला यातील दुसऱ्या धर्मशास्त्रावरची टीका सर्वांत मोलाची वाटते, कारण ती बोथांवर नव्हे तर इंग्रजी भाषक, उदारमतवादी, सद्हेतूने वागणाऱ्या चर्चवर होती. रोमकरांस पत्राबद्दल तिथे केलेला युक्तिवादही चोख आहे. पौल ज्यांना लिहीत होता त्यांच्यापैकी काहींचा समज झाला होता की ख्रिस्ती झाल्यावर कोणतीच सत्ता मानण्याचे कारण उरत नाही. त्यांना उत्तर देताना सत्ता आवश्यक आहे एवढेच त्याने सांगितले, अन्यायी सत्तेचे काय करावे हा त्याचा विषयच नव्हता. तो विषय ज्याचा होता त्या, बायबलमधील ‘प्रकटीकरण’ या शेवटच्या पुस्तकाच्या कर्त्याने, योगायोगाने आपल्याही तेराव्याच अध्यायात, रोमन साम्राज्याचे चित्र समुद्रातून वर येणाऱ्या श्वापदाच्या रूपात रेखाटले आहे.

परंतु निर्णायक घाव बसला तो आणखी आतून. 1982 साली ओटावा येथे रिफॉर्म्ड चर्चांच्या जागतिक संघाने वर्णभेदाचे धर्मशास्त्रीय समर्थन हे पाखंड असल्याचे जाहीर केले आणि अध्यक्ष म्हणून ॲलन बुसाक यांना निवडले. बुसाक हे त्याच मिशन चर्चचे धर्मोपदेशक होते, जे 1857 च्या सवलतीतून जन्मले होते. काही आठवड्यांतच केपटाउनजवळ बेल्हार येथे मिशन चर्चच्या धर्मसभेने आपला विश्वासाचा मसुदा तयार केला. 1986 साली तो रीतसर स्वीकारला गेला. एकता, समेट आणि न्याय हे त्याचे तीन विषय. देव हा विशेष अर्थाने दीनांचा, गरिबांचा आणि अन्याय सोसणाऱ्यांचा देव आहे, या त्यातील विधानाने गोऱ्या धर्मपंडितांना सर्वांत अस्वस्थ केले. बाबेलच्या युक्तिवादाला या विरोधकांचे उत्तर कृत्यांच्या दुसऱ्या अध्यायात होते: येशूच्या पुनरुत्थानानंतरच्या पन्नासाव्या दिवशी, पेंटेकॉस्टला, नाना भाषा बोलणारे लोक एकत्र आले आणि एकमेकांना दुरावले नाहीत. वंशसंबंधांवरच्या आपल्या 1974 च्या अहवालात डच रिफॉर्म्ड चर्चने हाच प्रसंग उलटा वाचला होता. प्रत्येकाने आपापल्या भाषेत ऐकले, म्हणजे देवाला वेगळेपणच हवे आहे.

1986 पासून मातृचर्चने पावलापावलाने माघार घ्यायला सुरुवात केली. 1990 च्या नोव्हेंबरमध्ये रुस्टेनबर्ग येथील परिषदेत स्टेलनबॉशचे प्राध्यापक विली योंकर यांनी स्वतःच्या वतीने आणि आपल्या चर्चच्या वतीने दोषाची कबुली दिली. केपटाउनचे कृष्णवर्णीय अँग्लिकन आर्चबिशप डेस्मंड टूटू यांनी उठून क्षमा जाहीर केली. सभागृहातील अनेक कृष्णवर्णीय प्रतिनिधींना ती घाई वाटली, आणि मला त्यांचे म्हणणे समजते, कारण कबुलीचे मोल पुढच्या कृतीवरून ठरणार होते. मिशन चर्च आणि आफ्रिकींचे चर्च 1994 साली विलीन होऊन एक झाले. मातृचर्च त्यात आले नाही. बेल्हारचा विश्वासमसुदा आपल्याही विश्वासाचा भाग म्हणून स्वीकारण्याचा प्रस्ताव तिथे आला, पण घटनादुरुस्तीसाठी लागणारे प्रादेशिक धर्मसभांचे बहुमत त्याला मिळू शकले नाही. अनेक पाळकांनी तो वैयक्तिकरीत्या मानला, काही मंडळ्यांनी स्वीकारला. ज्यांना तो नको आहे त्यांना दुखवू नये, हेही एक कारण त्या चर्चांमध्ये पुढे करण्यात आले.